पटकथेच्या पहिल्या पानाआधी : युद्धपट बनवणाऱ्यांना नाशिकहून खुलं पत्र

युद्धपट आणि वेबमालिका लिहिणाऱ्या, दिग्दर्शित करणाऱ्या आणि त्यात पैसा घालणाऱ्या सर्व मंडळींस,

सप्रेम नमस्कार.

मी सिनेमातला माणूस नाही. चौतीस वर्षं ओझरच्या एचएएलमध्ये, म्हणजे लढाऊ विमानं बनवणाऱ्या सरकारी कारखान्यात नोकरी केली, त्यातली बहुतेक विमानाच्या शेवटच्या जोडणीच्या हँगरमध्ये. नाशिककर आमच्या कारखान्याला एचएएल कधी म्हणालेच नाहीत. त्यांच्यासाठी तो 'ओझर मिग'. मुलीच्या लग्नाच्या बैठकीतसुद्धा माझी ओळख 'हे मिगमध्ये असतात' अशीच करून दिली गेली होती. मिग-२१ ची बॉडी ओझरला, इंजिन कोरापूटला आणि इलेक्ट्रॉनिक्स हैदराबादला, अशी वाटणी साठच्या दशकात झाली आणि या तालुक्यातली किती घरं त्या विमानावर उभी राहिली. २६ सप्टेंबर २०२५ ला चंदीगडमध्ये हवाई दलानं मिग-२१ ला निरोप दिला, तेव्हा आम्ही दहा-बारा निवृत्त माणसं एकाच्या घरी टीव्हीसमोर बसलो होतो. कोणी फारसं बोललं नाही. तीनच आठवड्यांनी, १७ ऑक्टोबरला, ओझरच्याच धावपट्टीवरून तेजस मार्क-१ए हे नवं लढाऊ विमान उडालं. कारखान्याला पुढचं काम मिळालं याचा आनंद आहे. पण मिग गेलं आणि त्या काळी विमानं उडवणारेही एकेक करून चाललेत, हे त्या दिवसापासून डोक्यातून जात नाही. म्हणून हे पत्र लिहायला बसलो.

आमच्या सोसायटीत तळमजल्यावर एक निवृत्त फायटर पायलट राहतात. नाव देत नाही, त्यांना ते आवडणार नाही. आम्ही सगळे त्यांना सर म्हणतो आणि ते मला 'मिगवाले' म्हणतात. १९७१ च्या युद्धात ते नॅटवर होते. नॅट म्हणजे जेमतेम पावणेसात मीटर पंखांचं, दोन ३० मिलिमीटर तोफांचं छोटंसं विमान. त्याच्या कॉकपिटमध्ये शिरणं म्हणजे अंगरख्यात शिरल्यासारखं, असं सर सांगतात. विमानाविषयी बोलताना त्यांचे दोन्ही हात वर येतात. डावा पुढचं विमान, उजवा मागचं. मी एकदा तसाच हात धरून काही विचारायला गेलो तर त्यांनी माझं मनगट पकडून किंचित वाकवलं आणि म्हणाले, "नाक खाली घ्या मिगवाले, एवढं वर धरलंत तर आत्ता स्टॉल व्हाल." स्टॉल म्हणजे पंखांची उचल जाऊन विमान खाली येणं. चहा गार झाला तरी त्यांचा हात खाली आला नव्हता.

काही वर्षांपूर्वी मुंबईहून एका निर्मितीसंस्थेचा त्यांना फोन आला. १९७१ च्या हवाई युद्धावर सिनेमा करतोय, तुम्ही सल्लागार म्हणून या. सर दोन दिवस झोपले नाहीत इतके खूश होते. फुलस्केप वही आणली आणि बावीस पानं लिहून काढली. मिगविषयीचे मुद्दे त्यांनी माझ्याकडून तपासून घेतले. मग गाडी आली आणि ते गेले. तिथं पोचल्यावर कळलं की पटकथा कधीच पक्की झाली आहे, सेट उभा आहे, नटांचे संवाद पाठ झाले आहेत. त्यांना मॉनिटरच्या शेजारी खुर्ची दिली, जेवण चांगलं दिलं, सगळ्यांनी पाया पडून फोटो काढले, शाल-श्रीफळ दिलं. वही एका सहायकानं ठेवून घेतली. सिनेमा आला तेव्हा श्रेयनामावलीत त्यांचं नाव होतं, सल्लागार म्हणून, चांगलं मोठं. वहीतलं मात्र जवळजवळ काहीच पडद्यावर नव्हतं.

पुढचा आठवडाभर त्यांचा फोन वाजत होता. बंगळुरूहून, देहराडूनहून, पुण्याहून, त्यांच्याच स्क्वाड्रनमधली माणसं. सगळ्यांचा प्रश्न एकच, तुझं नाव आहे ना यात, मग तू हे होऊ कसं दिलंस? सर प्रत्येकाला काहीतरी उत्तर देत राहिले. नंतर त्यांनी फोन उचलणं बंद केलं.

मला त्या संस्थेशी भांडायचं नाही. पण अशी चूक तुमच्यापैकी कोणाकडूनही होऊ शकते आणि ती टाळता येते, म्हणून सविस्तर सांगतो.

आधी माझ्या कामातलं सांगतो. १९७१ मध्ये आपल्याकडे जे मिग-२१ होतं ते एफएल या प्रकारचं. त्याची कॅनोपी, म्हणजे पायलटच्या डोक्यावरचं काचेचं झाकण, पुढच्या बाजूला बिजागरीवर होती, म्हणजे मागून उचलली जाऊन पुढं उघडायची. नंतर आलेल्या एम आणि बिस या प्रकारांची कॅनोपी उजवीकडे, बाजूला उघडते. मी लागलो तेव्हा बिसचं काम जोरात होतं, पण ज्यांच्या हाताखाली शिकलो त्या मंडळींनी एफएल जोडलेलं होतं, त्यामुळे हा फरक आमच्या हाडीमाशी भिनलेला. सिनेमातलं ७१ चं मिग बाजूला उघडलं. मी थिएटरमध्येच सरांचा हात दाबला. ते हळूच म्हणाले, "चालेल. त्यांना जे विमान मिळालं ते त्यांनी वापरलं."

हे मला त्या दिवशी समजलं नव्हतं, आता समजतं. कुठली तडजोड चालते आणि कुठली चालत नाही, हे ओळखायला तो माणूसच लागतो. विमानं खोटी असण्याची सरांना अडचण नव्हती. जगात सगळीकडेच तसं होतं. १९६९ च्या 'बॅटल ऑफ ब्रिटन' या इंग्रजी सिनेमात जर्मन मेसरश्मिट म्हणून जी विमानं दिसतात ती स्पेनमध्ये बनलेली होती आणि त्यांच्या नाकात चक्क रोल्स-रॉइसचं मर्लिन इंजिन होतं, म्हणजे ज्यांच्याशी लढायचं त्या ब्रिटिश स्पिटफायरच्या घराण्यातलं. १९८६ च्या 'टॉप गन'मधलं 'मिग-२८' नावाचं विमान अस्तित्वातच नाही, तो काळा रंग दिलेला अमेरिकन एफ-५ होता. तिथं सल्लागार असलेल्या पीट पेटिग्रूंनी व्हिएतनामच्या युद्धात खरंखुरं मिग-२१ पाडलं होतं. मिग कसं दिसतं हे त्यांना कोणी शिकवायला नको होतं. तरी ते काम त्यांनी केलं.

पण त्या ब्रिटिश सिनेमाची दुसरी गोष्टही ऐका. त्याला दोन्ही बाजूंचे सल्लागार होते. ब्रिटनकडून रॉबर्ट स्टॅनफर्ड टक आणि जिंजर लेसी, जर्मनीकडून अ‍ॅडॉल्फ गॅलंड. सगळे त्याच लढाईत उडालेले. जानेवारी १९४२ मध्ये टक फ्रान्समध्ये विमान पडून जर्मनांच्या हाती लागले, तेव्हा कैदेत पाठवण्याआधी गॅलंडनं त्यांना आपल्या अधिकाऱ्यांबरोबर जेवायला बसवलं होतं. पुढं ते आयुष्यभराचे मित्र झाले. या गॅलंडनं चित्रीकरणात भांडण काढलं ते विमानावरून नव्हे. जर्मन फिल्डमार्शल नाझी सलाम ठोकतो असं दृश्य होतं आणि गॅलंडचं म्हणणं होतं की तिथं साधा लष्करी सलाम हवा. त्यावरून त्यांना सेटवरून बाहेर न्यावं लागलं, काम सोडायची धमकी त्यांनी दिली आणि शेवटी तयार झालेलं दृश्य त्यांना व त्यांच्या वकिलाला दाखवून समजूत घालावी लागली. नाझी राजवटीचा सेनानी होता तो, त्याच्याविषयी मला ममत्व नाही, आणि सलामाच्या वादात कोण बरोबर हेही बाजूला ठेवतो. मला महत्त्वाचं वाटतं ते हे की स्पेनची विमानं त्याला चालली, माणसाचं वागणं चुकीचं दिसलेलं चाललं नाही. आणि निर्मात्यांनी त्याला दृश्य दाखवलं. आमच्या सरांना कोणी काही दाखवलं नाही. त्यांनी तिकीट काढून पाहिलं.

आता सरांना काय लागलं ते.

पहिलं, मास्क. नायक ऐन लढाईत ऑक्सिजन मास्क काढतो आणि रेडिओवर लांबलचक संवाद म्हणतो. नटाचा चेहरा दिसायला हवा, ही तुमची अडचण मला कळते. पण रेडिओचा माइक त्या मास्कच्या आतच असतो. मास्क काढला की बोलणं कोणाला ऐकूच जाणार नाही. सरांनी वहीत यावर उपाय लिहून दिला होता. मास्क राहू द्या, फक्त डोळे दाखवा आणि श्वास ऐकवा. माइक तोंडापाशी असल्यामुळे श्वास ऐकू येतो, आणि सोबतचा पायलट किती घाबरलाय हे त्या श्वासावरूनच समजतं, शब्दांवरून नाही. जोराचं वळण घेताना सहा जी, म्हणजे गुरुत्वाकर्षणाच्या सहापट जोर लागला तर सत्तर किलोंच्या माणसाला आपण चारशेवीस किलोंचे झाल्यासारखं वाटतं. रक्त डोक्यातून उतरू नये म्हणून घातलेला जी-सूट मांड्या-पोटावर आवळतो, डोळ्यांपुढचे रंग जातात, कडेनं काळं व्हायला लागतं. दात-पोट आवळून, कण्हत, एकेक शब्द बाहेर पडतो. हे सगळं एका नटाच्या डोळ्यांत आणि श्वासात मावलं असतं आणि त्याला एक रुपयाही जास्त लागला नसता.

दुसरं, शत्रू. सिनेमातला पाकिस्तानी पायलट विकट हसतो, कॅनोपीतून शिव्या देतो. हे पाहताना सर खुर्चीत अवघडले होते, ते मी शेजारून पाहिलं. २२ नोव्हेंबर १९७१ ला तेव्हाच्या पूर्व पाकिस्तानच्या सरहद्दीवर, बोयऱ्याच्या आकाशात आपल्या चार नॅटनी पाकिस्तानची सेबर लढाऊ विमानं गाठली. लढाई काही मिनिटांचीच. दोन पाकिस्तानी पायलट पॅराशूटनं उतरले आणि पकडले गेले. त्यातले एक, परवेझ मेहदी कुरेशी, पुढं पाकिस्तानी हवाई दलाचे प्रमुख झाले. तेव्हा त्या लढाईतल्या आपल्या डॉन लाझारस यांनी त्यांना अभिनंदनाचं पत्र पाठवलं आणि त्यांचं उत्तरही आलं. असे असतात हे लोक. समोरचा कच्चा होता असं दाखवलं तर आपल्या माणसाचं मोल कमी होतं, हे सरांनी वहीत दोनदा अधोरेखित केलं होतं. १४ डिसेंबरला श्रीनगरवर सहा सेबर आल्या आणि धावपट्टीवर बॉम्ब पडत असताना निर्मलजीतसिंग सेखों यांनी नॅट उडवलं, धुक्या-धुरळ्यात सोबतचं विमान दिसेनासं झालं आणि ते एकटे लढले. हवाई दलाचं आजवरचं एकमेव परमवीरचक्र त्यांचं. त्या सहा सेबरमध्ये विदूषक बसले असते तर त्या उड्डाणाला काय अर्थ राहिला असता?

तिसरी ती सायकल. हे लिहावं की नाही यावर मी बराच विचार केला. सरांना विचारलं, ते म्हणाले लिहा.

त्यांचा एक सोबती युद्धाच्या दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी परत आला नाही. तळावर राहायच्या जागेपासून क्रू-रूमपर्यंत तो सायकलनं यायचा. त्या पहाटेही आला होता. सायकल क्रू-रूमच्या भिंतीला टेकवलेली राहिली. कोणी ती हलवली नाही. हलवायची म्हणजे तो येणार नाही हे ठरवल्यासारखं. सगळे जाता-येता तिला वळसा घालून जायचे. चौथ्या दिवशी सरांनी पाहिलं तर ग्राउंड क्रूमधला एक वयस्क एअरमन उकिडवा बसून तिच्या मागच्या चाकात पंपानं हवा भरत होता. चाक बसलं होतं म्हणून. दोघांची नजरानजर झाली, कोणी काही बोललं नाही. तो हवा भरत राहिला.

वहीत हे पूर्ण पानभर होतं. पानाच्या कडेला सरांनी लिहिलं होतं, 'इथे संगीत नको.' पडद्यावर त्या जागी नायक मित्राची टोपी छातीशी धरून ओरडतो आणि मागे गाणं सुरू होतं.

हेच पान पटकथा लिहायच्या आधी कोणी वाचलं असतं तर? तुमच्यातल्या कुठल्याही चांगल्या लेखकानं ते सोडलं नसतं, याची मला खात्री आहे. चूक हेतूची नव्हती, वेळेची होती. सल्लागाराला तुम्ही सेट उभा राहिल्यावर बोलावता. तोपर्यंत त्याच्याकडे दुरुस्त करण्यासारखं उरतं ते गणवेशाची बटणं, पदकांचा क्रम आणि सलामातला कोपर. ते तर आमच्यासारखा कारखान्यातला माणूसही सांगेल. आमच्यातले पाच-सहा जण आनंदानं येतील, एसटीच्या भाड्यावर येतील, रिव्हेट मोजून देतील. पण भीती कशी असते, उड्डाणाआधी माणसं काय बोलतात आणि काय बोलायचं टाळतात, हे ज्याच्याकडे आहे त्याला कथेच्या बीजापाशीच बसवायला हवं.

संरक्षण खात्याचं ना हरकत प्रमाणपत्र घेतलं की हे काम झालं, असंही काहींना वाटतं. त्या कागदाचा हेतू वेगळा. गुपित फुटू नये, दलाची प्रतिमा मलिन होऊ नये, हे तिथं पाहिलं जातं. सायकलीच्या चाकात हवा होती का, हे पाहणं त्या कचेरीचं काम नाही.

तपशील छोटा असतो म्हणून त्याला छोटं समजू नका. दिलीप पारुळकरांचं उदाहरण देतो. मराठी माणूस, सुखोई-७ चा पायलट, डिसेंबर १९७१ मध्ये विमान पडून रावळपिंडीच्या कैदेत. ऑगस्ट १९७२ मध्ये ग्रेवाल आणि हरीश सिंहजी या साथीदारांसह भिंत फोडून निसटले आणि थेट लंडीकोतलपर्यंत पोचले, अफगाण सरहद्द काही मैलांवर. तिथं त्यांनी नकाशात पाहिलेल्या लंडीखाना स्थानकाची वाट विचारली. ते स्थानक १९३२ पासून बंद होतं. त्या एका नावावरून लोकांना संशय आला आणि तिघं पुन्हा पकडले गेले. एक चुकीचा तपशील, आणि अख्खं सोंग उघडं पडलं. प्रेक्षकही लंडीकोतलच्या त्या माणसांसारखेच असतात. काय चुकलं ते त्यांना सांगता येत नाही, पण हा माणूस इथला नाही, एवढं त्यांना लगेच कळतं.

पारुळकर ऑगस्ट २०२५ मध्ये गेले. ७१ साली जे बाविशी-पंचविशीत होते ते आज ऐंशीच्या आसपास आहेत. पुण्यात, नाशकात, देवळालीत, नागपुरात असे किती जण असतील, त्यांच्या दिवाणखान्यात एखादं फ्रेम केलेलं विमान असेल, आणि नातवंडांपलीकडे त्यांना कोणी काही विचारलं नसेल. निदान सिनेमा करायचा असो वा नसो, कॅमेरा घेऊन जा आणि त्यांना बोलू द्या. हातांसकट टिपा. हात फ्रेमबाहेर गेले तर निम्मं बोलणं जाईल.

आणि एक विनंती स्पष्ट शब्दांत करतो. ज्याचं नाव सल्लागार म्हणून लावणार, त्याला सिनेमा बाहेर येण्याआधी दाखवा. त्यानं सांगितलेलं घेतलं नाही तर का घेतलं नाही, तेवढं त्याच्याशी बोला. पटलं नाही तर नाव काढून घ्यायची त्याला मुभा द्या. आणि शाल-श्रीफळ द्यायचं तर जरूर द्या, पण त्याबरोबर मानधनही द्या, कॅमेरामनला देता तसं, करार करून. मान राखला म्हणजे कामाचे पैसे चुकते झाले असं होत नाही.

नाशिकला हे लिहिण्याचा थोडा अधिकार आहे असं मला वाटतं. दादासाहेब फाळके आमच्या त्र्यंबकेश्वरचे. १९१३ मध्ये 'राजा हरिश्चंद्र' झाल्यावर त्यांनी आपली कंपनी नाशकातच आणली आणि १९४४ मध्ये इथंच देह ठेवला. पांडवलेण्याच्या पायथ्याशी त्यांचं स्मारक आहे. पहिला सिनेमा काढण्याआधी या माणसानं कुंडीत वाटाणा पेरला, समोर कॅमेरा लावला आणि अंकुर फुटून वेल वर चढेपर्यंत दिवसेंदिवस थोडं थोडं चित्रण करत राहिले. भांडवलदाराला ते दाखवून पैसे उभे केले. वाटाणा कसा वाढतो हे त्यांनी अंदाजानं दाखवलं नाही.

सरांची ती वही परत मिळाली नाही. मध्यंतरी मी त्यांना नवी फुलस्केप वही आणून दिली. पहिले काही दिवस ती तशीच पडून होती. आता अकरा पानं झाली आहेत. हात थरथरतो म्हणून अक्षर मोठं झालंय, ओळी कमी मावतात.

तुमच्यापैकी कोणी यायचं ठरवलं तर सकाळी या. दहा ते साडेबारा त्यांची वेळ चांगली असते. जेटच्या आवाजानं कान गेलेत, त्यामुळे डाव्या बाजूला बसा आणि जरा मोठ्यानं बोला. दुपारी चारनंतर ते कानाचं यंत्र काढून ठेवतात, मग काही उपयोग नाही. पटकथा आणू नका, कोरी वही आणा. चहा-पोह्यांचं मी पाहतो.

आपला,
ओझर मिगमधून निवृत्त झालेला एक कामगार,
नाशिक